मारिओ, स्ट्रीट फायटर आणि मुस्तफा : तिघांचं नातं सांगणारा पाच मजल्यांचा ‘कुंग फू’

नव्वदच्या दशकात ज्या घरात टीव्हीला जोडायचा व्हिडिओ गेम होता, त्या घरात उन्हाळ्याच्या सुट्टीत पोरांची रांग लागायची. कॅसेट लागली नाही की काढायची, फुंकर मारायची, पुन्हा बसवायची. ‘९९९९ इन १’ लिहिलेल्या त्या कॅसेटमध्ये प्रत्यक्षात वीस-पंचवीसच गेम असायचे आणि तेच पुन्हा पुन्हा यायचे. मारिओ, कॉन्ट्रा, टँक, बदकं मारायचा गेम, आणि या यादीत बहुतेक वेळा एक नाव असायचंच : कुंग फू.

गेम साधा होता. एक माणूस उजवीकडून डावीकडे चालत जातो. समोरून आणि मागून माणसं धावत येऊन त्याला मिठ्या मारतात. तो बुक्की मारतो, लाथ मारतो, उडी मारून लाथ मारतो. मजला संपला की हातात काठी घेतलेला एक दादा उभा. त्याला हरवलं की जिना चढून दुसरा मजला. हरलो की ऐकू येणारं ते हसणं अनेकांच्या आजही डोक्यात आहे.

तेव्हा तो गेम मारिओच्या पुढे फिका वाटायचा. पाच मजले संपले की तोच गेम पुन्हा पहिल्यापासून सुरू व्हायचा. पण व्हिडिओ गेमच्या इतिहासात या ‘फिक्या’ गेमची जागा फार मोठी आहे. मारिओ बनवणाऱ्या टीमने आधी याच्यावर हात साफ केला होता. स्ट्रीट फायटरची कल्पना याच्याच बॉसमधून निघाली. आणि पार्लरमध्ये कॉइन टाकून खेळला जाणारा ‘मुस्तफा’ही याच घराण्यातला.

हा गेम आला कुठून?

घरच्या टीव्हीवर आलेला ‘कुंग फू’ ही खरं तर नक्कल होती. मूळ गेम आर्केडचा, म्हणजे नाणं टाकून खेळायच्या उभ्या मशीनचा. १९८४ च्या शेवटी जपानच्या ‘आयरेम’ या कंपनीने तो बाजारात आणला. जपानमध्ये त्याचं नाव होतं ‘स्पार्टन एक्स’. अमेरिकेत ‘डेटा ईस्ट’ या कंपनीने तो आणला आणि तिथे त्याचं नाव झालं ‘कुंग-फू मास्टर’. १९८५ मध्ये हा गेम दोन्ही देशांत जोरात चालला.

गेम बनवणाऱ्या टीमचे प्रमुख होते ताकाशी निशियामा. हे नाव लक्षात ठेवायला हवं, कारण पुढच्या गोष्टीत ते पुन्हा पुन्हा येणार आहे.

‘स्पार्टन एक्स’ हे नाव एका सिनेमाचं. जॅकी चॅन, सॅमो हंग आणि युएन बियाओ यांचा ‘व्हील्स ऑन मील्स’ हा हाँगकाँगचा सिनेमा १९८४ मध्ये आला. जपानमध्ये तो ‘स्पार्टन एक्स’ या नावाने दाखवला गेला. या सिनेमाच्या नावाचे हक्क गेमसाठी घेतले गेले. म्हणून गेमच्या हिरोचं नाव थॉमस आणि त्याने सोडवून आणायच्या मुलीचं नाव सिल्व्हिया. सिनेमात जॅकी चॅनच्या पात्राचं नाव थॉमस आहे आणि नायिकेचं सिल्व्हिया.

पण गंमत अशी की सिनेमाची गोष्ट स्पेनच्या बार्सिलोना शहरात घडते. त्यात हिरो व्हॅनमधून खाण्याचे पदार्थ विकतात. पाच मजल्यांचं मंदिर वगैरे त्यात काही नाही.

ते मंदिर आलं ब्रूस लीकडून. ब्रूस ली १९७२ मध्ये ‘गेम ऑफ डेथ’ नावाचा सिनेमा करत होता. त्याच्या डोक्यातली कल्पना अशी होती : एक पाच मजली पॅगोडा, प्रत्येक मजल्यावर वेगळ्या शैलीत लढणारा एक पहिलवान, आणि एकेकाला हरवत वर जाणारा नायक. ‘एंटर द ड्रॅगन’ची संधी आली म्हणून त्याने हे काम मध्येच थांबवलं. मग २० जुलै १९७३ ला त्याचं निधन झालं आणि सिनेमा अर्धाच राहिला. १९७८ मध्ये उरलेली दृश्यं आणि डमी कलाकार वापरून ‘गेम ऑफ डेथ’ प्रदर्शित झाला, पण ब्रूस लीच्या मनातला तो सिनेमा नव्हता.

निशियामा यांनी आपल्या गेमचा सांगाडा याच कल्पनेवर उभा केला. पाच मजले, पाच बॉस. पडद्यावर ब्रूस लीला पूर्ण करता न आलेली चढाई लोकांनी मशीनमध्ये नाणं टाकून पूर्ण केली.

‘साइड-स्क्रोलिंग’ म्हणजे काय?

सुरुवातीच्या बऱ्याच गेममध्ये सगळा खेळ एकाच स्थिर पडद्यावर चालायचा. पॅकमॅनचा चक्रव्यूह घ्या किंवा स्पेस इनव्हेडर्सचं आकाश. पडदा हलत नसे, फक्त पात्रं हलायची.

साइड-स्क्रोलिंगमध्ये उलटं. आपण पुढे जातो तसं मागचं चित्र बाजूला सरकतं आणि नवा भाग दिसायला लागतो. म्हणजे गेमचं जग टीव्हीच्या चौकटीपेक्षा मोठं असतं आणि पडदा ही त्या जगाकडे पाहायची खिडकी होते.

कुंग-फू मास्टर हा पहिला साइड-स्क्रोलिंग गेम नव्हता. १९८१ मध्ये ‘डिफेंडर’ आणि ‘स्क्रँबल’ आले होते. १९८२ मध्ये आयरेमचाच ‘मून पेट्रोल’ आला आणि तोही निशियामा यांचाच. त्यात चंद्रावरून जाणारी एक गाडी होती. एसटीच्या खिडकीतून पाहताना जवळची झाडं पटकन मागे जातात आणि लांबचे डोंगर हळूहळू सरकतात, तसा परिणाम ‘मून पेट्रोल’मध्ये होता. जवळची जमीन वेगाने आणि मागचे डोंगर सावकाश सरकायचे. याला पॅरॅलॅक्स स्क्रोलिंग म्हणतात आणि ते वापरणाऱ्या सुरुवातीच्या गेममध्ये ‘मून पेट्रोल’चं नाव घेतलं जातं.

पण या गेममध्ये एक गोष्ट सारखी होती. पडद्यावर सरकायचं ते विमान, रॉकेट किंवा गाडी. १९८४ मध्येच नामको कंपनीच्या ‘पॅक-लँड’मध्ये पॅकमॅन पायी धावू लागला होता. कुंग-फू मास्टरमध्ये हात-पाय असलेला, माणसासारखा दिसणारा माणूस चालत होता आणि समोरच्याशी हातघाईची मारामारी करत होता. सरकतं जग आणि हाणामारी यांची ही जोडी इतकी ठसठशीतपणे त्याआधी क्वचितच दिसली होती.

मशीनवर दोनच बटणं, मग मजा कशात?

कुंग-फू मास्टरच्या मशीनवर एक जॉयस्टिक आणि दोन बटणं असायची. एक बुक्कीचं, एक लाथेचं. जॉयस्टिक वर केली की उडी, खाली केली की बसणं. एवढ्यावर सगळा खेळ.

तरी त्यात डोकं लावावं लागायचं. लाथ लांब पोचते, पण तिचे पॉइंट कमी. बुक्की मारायला शत्रूला अगदी जवळ येऊ द्यावं लागतं, पण तिचे पॉइंट जास्त. म्हणजे जो धोका पत्करेल त्याला बक्षीस मोठं.

शत्रूही एकसारखे नव्हते. साधी माणसं मारायची नाहीत, फक्त येऊन मिठी मारायची. मिठी बसली की ताकद झरझर कमी व्हायला लागते आणि सुटायला जॉयस्टिक डावी-उजवीकडे जोरात हलवावी लागते. सुरी फेकणारा कधी डोक्याच्या उंचीवर फेकतो, कधी पायाशी. त्यामुळे बसायचं की उडी मारायची हे क्षणात ठरवावं लागतं. बुटके शत्रू उभ्याने मारलेल्या बुक्कीखालून निसटतात, त्यांना बसूनच मारावं लागतं. दुसऱ्या मजल्यावर छतातून गोळे आणि मडकी पडतात, त्यातून साप निघतात. चौथ्या मजल्यावर पतंगांचा थवा अंगावर येतो.

आणि हे सगळं दोन्ही बाजूंनी. गाडीच्या गेममध्ये संकट समोरून येतं. इथे पाठीमागूनही येतं. त्यामुळे सतत वळून पाहावं लागतं. आजच्या कितीतरी मोबाइल गेममध्ये मधोमध उभा असलेला हिरो डावीकडच्या आणि उजवीकडच्या शत्रूंना आळीपाळीने मारत असतो. ती परिस्थिती कुंग-फू मास्टरने चाळीस वर्षांपूर्वी उभी केली होती.

वरच्या कोपऱ्यातल्या दोन पट्ट्या

या गेमची सगळ्यात महत्त्वाची गोष्ट मात्र मारामारीत नाही. ती पडद्याच्या वरच्या बाजूला आहे. तिथे दोन पट्ट्या दिसतात. एक खेळाडूच्या ताकदीची, एक शत्रूच्या.

त्या काळातल्या बहुतेक गेममध्ये हिशोब सरळ होता. गोळी लागली, मेलात. भुताने स्पर्श केला, मेलात. एक चूक म्हणजे एक लाइफ गेलं. ताकदीची पट्टी आली की चुकीला जागा मिळते. एक मिठी बसली तरी खेळ संपत नाही, फक्त पट्टी कमी होते. उरलेल्या ताकदीत बॉसपर्यंत पोचायचं आहे, मग आता सावकाश जायचं की धावत सुटायचं, असा विचार सुरू होतो. वरून प्रत्येक मजल्याला वेळेची मर्यादा. म्हणजे सावकाश जाण्याचीही किंमत आहे.

दुसरी पट्टी आणखी हुशारीची. बॉसची ताकद किती उरली हे आपल्याला दिसतं. तिसऱ्या मजल्यावरच्या धिप्पाड पहिलवानाने हरवलं, पण त्याच्या पट्टीचा शेवटचा तुकडाच उरला होता, हे दिसलं की माणूस काय करतो? खिशात हात घालतो आणि अजून एक नाणं काढतो. आर्केडचा धंदा याच ‘अजून एकदा’वर चालायचा.

अशा पट्ट्या याआधी कुठेच नव्हत्या असं नाही. पण मारामारीच्या गेममध्ये दोघांच्या पट्ट्या समोरासमोर ठेवण्याची पद्धत लोकांच्या डोळ्यांत बसवण्यात या गेमचा मोठा वाटा आहे. आज कुठलाही फायटिंग गेम उघडा, वर दोन पट्ट्या दिसतील.

पहिली वाट : बॉसमधून निघाला स्ट्रीट फायटर

कुंग-फू मास्टरनंतर निशियामा आयरेम सोडून कॅपकॉममध्ये गेले. कॅपकॉमचे संस्थापक केंझो त्सुजिमोतो यांनीच आधी आयरेमही सुरू केली होती, त्यामुळे या दोन कंपन्यांचं नातं जुनं होतं.

कॅपकॉममध्ये निशियामा यांच्या डोक्यात एक विचार होता. कुंग-फू मास्टरमध्ये लोकांना खरी मजा येते ती मजल्याच्या शेवटी. समोर एकच तगडा प्रतिस्पर्धी, त्याची वेगळी चाल, त्याची पट्टी आणि आपली पट्टी. मग मधली गर्दी काढून टाकली आणि फक्त बॉसच्या लढाया ठेवल्या तर? स्ट्रीट फायटरची कल्पना अशी त्या बॉसच्या लढायांमधून आल्याचं निशियामा यांनी पुढे मुलाखतीत सांगितलं आहे.

१९८७ मध्ये ‘स्ट्रीट फायटर’ आला. निशियामा यांच्यासोबत हिरोशी मात्सुमोतो यांनी तो बनवला. रियू आणि केन ही पात्रं, ‘हादोकेन’सारख्या खास चाली, सगळं इथून सुरू झालं.

इथे एक गोष्ट नोंदवायला हवी. एकास एक मारामारीचे गेम त्याआधीही होते. १९८४ मध्येच आलेल्या ‘कराटे चँप’मध्ये दोन खेळाडू समोरासमोर लढायचे. पण त्यात कराटेच्या स्पर्धेसारखे गुण मिळायचे, ताकदीची पट्टी नव्हती. १९८५ मध्ये कोनामीचा ‘यी आर कुंग-फू’ आला, त्यात वेगवेगळ्या शैलीचे प्रतिस्पर्धी आणि पट्ट्या होत्या. तोही भारतातल्या कॅसेटवर असायचा. म्हणजे या प्रकाराचा जन्मदाता एकच गेम आहे असं म्हणता येणार नाही. पण कुंग-फू मास्टर ते स्ट्रीट फायटर ही वाट एकाच माणसाच्या डोक्यातून गेलेली आहे.

निशियामा तिथेही थांबले नाहीत. पहिल्या स्ट्रीट फायटरनंतर ते ‘एसएनके’ कंपनीत गेले. १९९१ मध्ये कॅपकॉममधल्या दुसऱ्या टीमने ‘स्ट्रीट फायटर २’ आणला आणि जगभर धुमाकूळ घातला. त्याच वर्षी निशियामा यांचा ‘फॅटल फ्युरी’ आला. मग एसएनकेकडून ‘आर्ट ऑफ फायटिंग’ आणि १९९४ मध्ये ‘किंग ऑफ फायटर्स’. म्हणजे नव्वदच्या दशकात पार्लरमध्ये ‘स्ट्रीट फायटर भारी की किंग ऑफ फायटर्स’ यावर जी भांडणं व्हायची, त्यातल्या दोन्ही बाजूंचं मूळ एकाच माणसापाशी जात होतं.

दुसरी वाट : गर्दीतून निघाला मुस्तफा

निशियामा यांनी गर्दी काढून बॉस ठेवला. इतरांनी उलटं केलं, गर्दीच वाढवली.

१९८६ मध्ये टेक्नोस जपान कंपनीत योशिहिसा किशिमोतो यांनी एक गेम बनवला. जपानबाहेर तो ‘रेनेगेड’ नावाने ओळखला जातो. कुंग-फू मास्टरमध्ये थॉमस एका सरळ रेषेवर चालतो. पुढे किंवा मागे, बस्स. ‘रेनेगेड’मध्ये हिरोला पडद्यात वर-खाली, म्हणजे रस्त्याच्या या कडेपासून त्या कडेपर्यंत फिरता येऊ लागलं. मारामारीला खोली मिळाली. शत्रू घेरायला लागले.

१९८७ मध्ये किशिमोतो यांनीच ‘डबल ड्रॅगन’ आणला. त्यात लांबलचक सरकता रस्ता होता आणि मुख्य म्हणजे दोन मित्र एकत्र खेळू शकत होते. मग १९८९ मध्ये कॅपकॉमचा ‘फायनल फाइट’ आला. हा गेम बनत असताना त्याचं नाव ‘स्ट्रीट फायटर ८९’ ठेवलेलं होतं, म्हणजे दोन्ही वाटा इथे एकमेकींना भेटतात.

त्याच साच्यातून १९९३ मध्ये कॅपकॉमने ‘कॅडिलॅक्स अँड डायनोसॉर्स’ काढला. मार्क शुल्ट्झ यांच्या अमेरिकन कॉमिक्सवर आधारलेला हा गेम. त्यात चार हिरो होते आणि त्यातल्या एकाचं नाव मुस्तफा कैरो.

मूळ नाव लांबलचक आणि अवघड. भारतातल्या पोरांनी ते केव्हाच बाजूला ठेवलं आणि गेमचंच नाव ‘मुस्तफा’ करून टाकलं. महाराष्ट्रातल्या शहरांत आणि तालुक्याच्या गावांत एसटी स्टँडजवळ, शाळेच्या मागच्या गल्लीत, टॉकीजच्या शेजारी जे व्हिडिओ गेम पार्लर होते, तिथे मुस्तफाच्या मशीनभोवती गर्दी असायची. एक खेळतोय, चार बघतायत, आणि मागून कोणीतरी ‘मला दे, मी लास्टवाला मारतो’ म्हणतंय. तो ‘लास्टवाला’, म्हणजे स्टेजच्या शेवटी उभा असलेला बॉस, त्याची पट्टी, चालत राहायचं आणि समोर येईल त्याला हाणायचं, हे सगळं थॉमसच्या पाच मजल्यांपासून चालत आलेलं होतं.

तिसरी वाट : मारिओची तालीम

आता घरातल्या कॅसेटकडे परत येऊ. त्यातला ‘कुंग फू’ आयरेमने नाही, निन्टेन्डोने बनवला होता.

आर्केडचा गेम गाजल्यावर निन्टेन्डोने तो आपल्या ‘फॅमिकॉम’ या घरगुती मशीनसाठी उतरवायचं ठरवलं. हे काम शिगेरू मियामोतो यांच्या टीमकडे होतं. २१ जून १९८५ ला जपानमध्ये फॅमिकॉमचा ‘स्पार्टन एक्स’ विक्रीला आला.

काम सोपं नव्हतं. घरगुती मशीनची ताकद आर्केडपेक्षा बरीच कमी. फॅमिकॉममध्ये मागचं चित्र छोट्या चौकोनी तुकड्यांचं बनलेलं असायचं, फरशा जोडाव्यात तसं. पात्रं वेगळ्या तुकड्यांची. एका आडव्या रेषेवर अशा आठपेक्षा जास्त तुकडे आले की काही दिसेनासे व्हायचे. गर्दी झाली की शत्रू लुकलुकायचे, ते यामुळेच. अशा मशीनवर चांगली उंच पात्रं, दोन्ही बाजूंनी येणारी गर्दी, सरकणारं चित्र आणि वर न हलणारी गुणांची पट्टी, हे सगळं एकत्र चालवायचं होतं.

त्याआधी याच लोकांनी ‘एक्साइटबाइक’ हा मोटारसायकल शर्यतीचा गेम केला होता. त्यातून पडदा सफाईने सरकवायचं तंत्र हाती आलं. ‘कुंग फू’मधून सरकत्या पडद्यावर मोठ्या माणसाला हलवायचा अनुभव मिळाला. या दोन गेमच्या कामातून जे शिकायला मिळालं ते सुपर मारिओ ब्रदर्समध्ये उपयोगी पडलं, असं मियामोतो यांनी पुढे सांगितलं आहे.

१३ सप्टेंबर १९८५ ला ‘सुपर मारिओ ब्रदर्स’ आला. कुंग फूनंतर तीन महिनेही झाले नव्हते. आता दोन्ही गेम शेजारी ठेवून पाहिले तर काही खुणा दिसतात. वरची माहितीची पट्टी जागेवर स्थिर आणि खालचं जग सरकतंय. उलटी मोजणारी वेळ. टप्प्याच्या शेवटी वाट अडवून उभा असलेला शत्रू. अडकलेल्या मुलीची सुटका. मारिओमध्ये यापेक्षा कितीतरी जास्त आहे, उड्या, गुप्त नळ, नाणी, संगीत. पण ते बांधणाऱ्यांचा हात कुंग फूवर बसला होता.

याच वर्षी ऑक्टोबरमध्ये निन्टेन्डोने आपलं मशीन ‘एनईएस’ नावाने अमेरिकेत उतरवलं. १९८३ मध्ये तिथला व्हिडिओ गेमचा बाजार कोसळला होता आणि दुकानदार नवं मशीन ठेवायला तयार नव्हते. त्या अवघड काळात दुकानात मांडलेल्या पहिल्यावहिल्या गेममध्ये ‘कुंग फू’ होता.

सिनेमातून गेम, गेममधून सिनेमा

सिनेमावरून बनलेल्या या गेमच्या नावावरून पुढे एक सिनेमाही निघाला. फ्रान्सच्या नावाजलेल्या दिग्दर्शिका अ‍ॅन्येस वार्दा यांनी १९८८ मध्ये ‘कुंग-फू मास्टर!’ नावाचा सिनेमा केला. त्यात मारामारी नाही. कथेतला किशोरवयीन मुलगा या आर्केड गेमच्या नादाला लागलेला आहे, म्हणून हे नाव. व्हिडिओ गेमकडे पोरखेळ म्हणून पाहिलं जाण्याच्या काळात एका गंभीर दिग्दर्शिकेने एका मशीनचं नाव सिनेमाला दिलं, ही छोटी गोष्ट नव्हती.

आयरेमनेही आपला वारसा पुढे नेला. १९८८ मध्ये ‘व्हिजिलँटे’ आला, तो याच गेमचा नवा अवतार म्हणता येईल. १९९१ मध्ये फॅमिकॉमवर ‘स्पार्टन एक्स २’ आला. पुढे आयरेममधून बाहेर पडलेल्या काही लोकांनी ‘नाझ्का’ कंपनीत ‘मेटल स्लग’ बनवला, आणि तोही भारतातल्या पार्लरमध्ये जोरात चालला.

मग हा गेम विसरला कसा गेला?

एक कारण त्याच्या नावांमध्ये आहे. जपानमध्ये स्पार्टन एक्स, अमेरिकेत आर्केडवर कुंग-फू मास्टर, घरच्या मशीनवर नुसता कुंग फू. मारिओ जगभर मारिओच राहिला. इथे एकाच गेमची तीन नावं, आणि त्यातलं शेवटचं इतकं सर्वसाधारण की शोधायला गेलं तर दुसरंच काहीतरी सापडेल.

दुसरं कारण जास्त बोचणारं आहे. त्या काळात जपानी कंपन्या गेम बनवणाऱ्यांची खरी नावं सहसा बाहेर येऊ देत नसत. चांगला माणूस प्रतिस्पर्धी कंपनी पळवून नेईल ही भीती. त्यामुळे गेमच्या शेवटी नावं आलीच तर टोपणनावं यायची. १९८७ च्या स्ट्रीट फायटरमध्येही निशियामा यांचं नाव ‘पिस्टन ताकाशी’ असं आहे आणि मात्सुमोतो यांचं ‘फिनिश हिरोशी’. लाखो लोकांनी ज्याचा गेम खेळला, त्या माणसाचं नाव त्यांना कधी दिसलंच नाही.

भारतात तर हा पडदा आणखी जाड होता. इथे चालणारी बहुतेक मशीनं आणि कॅसेटी मूळ कंपनीच्या नव्हत्या, नकला होत्या. त्यातल्या अनेकांवर सुरुवातीच्या पडद्यावरचं कंपनीचं नाव आणि साल पुसून टाकलेलं असायचं. खेळणाऱ्या पोराला तो गेम जपानचा आहे की तैवानचा, १९८४ चा आहे की १९९४ चा, हे कळायला मार्गच नव्हता. त्याच्यासाठी तो कॅसेटमधला गेम होता, एवढंच. दुसरीकडे, या नकला झाल्या नसत्या तर इथल्या बहुतेक घरांत तो पोचलाही नसता.

आज त्याचं काय उरलं आहे?

२०२० मध्ये ‘स्ट्रीट्स ऑफ रेज ४’ आला, २०२२ मध्ये निन्जा टर्टल्सचा ‘श्रेडर्स रिव्हेंज’. दोन्हीकडे पडदा बाजूला सरकतो, गर्दी अंगावर येते आणि शेवटी बॉस उभा असतो. २०२२ मध्येच फ्रान्समधल्या स्लोक्लॅप या कंपनीचा ‘सिफू’ आला. त्यातली पात्रं आणि हालचाली जवळजवळ सिनेमासारख्या आहेत, पण रचना पाहिली तर कुंग-फू शिकलेला एक माणूस, पाच टप्पे आणि पाच बॉस.

निशियामा यांची गोष्टही एका जागी फिरून आली. एसएनके सोडल्यावर २००० मध्ये त्यांनी ‘डिम्प्स’ नावाची स्वतःची कंपनी काढली. काही वर्षांनी कॅपकॉमने स्ट्रीट फायटर पुन्हा जोरात आणायचं ठरवलं. २००८ मध्ये आलेला ‘स्ट्रीट फायटर ४’ कॅपकॉमने डिम्प्सच्या साथीने बनवला. पहिल्या भागानंतर ज्या मालिकेपासून निशियामा दूर गेले होते, तिच्या नव्या जन्मात एकवीस वर्षांनी त्यांच्या कंपनीचा हात होता.

जुनी कॅसेट माळ्यावर कुठे सापडलीच, तर एकदा ‘कुंग फू’ लावून बघा. पहिल्या मजल्याच्या टोकाशी काठीवाला अजून उभा आहे. त्याच्यासमोर गेलात की नजर वर न्या, दोन पट्ट्या दिसतील, एक तुमची आणि एक त्याची. स्ट्रीट फायटरमध्ये रियू आणि केनच्या डोक्यावर दिसतात त्या याच.